काताग्वाझेसची एव्हा

एव्हा निलचा एकही चित्रपट आज अखंड पाहायला मिळत नाही. १९२५ ते १९२९ या काळात तिने ब्राझीलमध्ये चार मूकपटांत काम केलं. ती पडद्यावर कशी चालायची, कशी वळून बघायची, भीती दाखवताना हात कुठे न्यायची, हे आता आपल्याला कधीच कळणार नाही. उरली आहेत ती तिची छायाचित्रं. त्यांत आखूड कापलेल्या केसांची, मोठ्या डोळ्यांची, विशीही न गाठलेली एक मुलगी आहे. त्या काळचे बहुतेक लोक फोटो काढताना श्वास रोखून बसत. हिच्या खांद्यांत तसा ताण दिसत नाही. कॅमेऱ्यासमोर ती आपल्याच घरात बसल्यासारखी बसली आहे. मला तिच्याविषयी ओढ वाटू लागली ती या निवांत खांद्यांमुळे.

कॅमेरा तिच्या घरातलाच होता. तिचं खरं नाव एव्हा कोमेल्लो. जन्म १९०९ मधला, इजिप्तमधल्या कैरोचा. वडील इटालियन, नाव पिएत्रो. हे कुटुंब समुद्र ओलांडून ब्राझीलला आलं, पिएत्रोचे पेद्रो झाले आणि मिनास जेराइस राज्यातल्या काताग्वाझेस या गावी त्यांनी फोटो स्टुडिओ थाटला. चेहऱ्यावर उजेड कसा पडतो, मान किती कलवली की नाकाची सावली ओठांवर येते, हे ज्या घरात जेवताखाता बोललं जात असेल त्या घरात ही मुलगी वाढली.

काताग्वाझेस हे पोंबा नदीकाठचं गाव. भोवती कॉफीचे मळे, गावात कापडगिरण्या, आणि रिओशी जोडणारी लिओपोल्दिना रेल्वे. आकाराने लहान, पण अंगात नव्याची हौस असलेलं. १९०५ मध्येच इथे वीज कंपनी निघाली होती. १९२७ मध्ये इथल्या काही तरुण कवींनी ‘व्हेर्दे’ नावाचं मासिक काढलं आणि ब्राझीलच्या मोठमोठ्या आधुनिक लेखकांचं लक्ष या आडगावाकडे वळलं. पुढे चाळीसच्या दशकात ऑस्कर निमायर यांनी इथल्या शाळेची इमारत आखली. काही गावांच्या पाण्यातच असं काहीतरी असतं. तिथला माणूस दिवसभर दुकान सांभाळतो आणि संध्याकाळी जगात नुकतंच निघालेलं एखादं यंत्र उघडून बघत बसतो.

असाच एक माणूस म्हणजे उम्बेर्तो माउरो. १८९७ मध्ये जवळच्या व्होल्ता ग्रांदे गावी जन्मलेला. विजेची कामं करायचा, मळ्यांवर तारा ओढून दिवे लावून द्यायचा. रेडिओचं वेड होतं. मग फोटोचं लागलं, आणि ते शिकायला तो कोमेल्लोंकडे आला. दोघांनाही सिनेमाचा नाद. गावच्या थिएटरात अमेरिकेहून आलेले साहसपट लागत. घोडदौडी, पळवून नेलेली मुलगी, कड्यावरची मारामारी. ते बघून बाहेर पडताना दोघांच्या मनात एकच विचार असणार: हे आपल्याला का येऊ नये?

१९२५ मध्ये त्यांच्या हाती पाते-बेबी कॅमेरा आला. खरं तर ती घरगुती हौशी लोकांसाठी काढलेली वस्तू होती. हातात मावेल एवढा डबा, बाजूला फिरवायचं हँडल. फिल्म साडेनऊ मिलिमीटर रुंदीची. इतर फिल्मच्या दोन्ही कडांना भोकांच्या रांगा असतात. हिच्यात मात्र दोन चित्रांच्या मध्ये एकच भोक, अगदी मधोमध. एका डबीत साधारण नऊ मीटर फिल्म बसायची. हँडल एका लयीत फिरवत राहिलं तर जेमतेम सव्वा मिनिटाचं चित्रण. तेवढ्यात घाई केली तर चित्र पळायचं, हात सैलावला तर रेंगाळायचं. समोरच्या नटाला याचं भान ठेवावं लागे. डबी संपायच्या आत किंचाळायचं, पडायचं, उठायचं.

या डब्यावर ‘व्हालादियाओं, ओ क्रातेरा’ हा छोटा चित्रपट तयार झाला. व्हालादियाओं हा दरोडेखोर मुलीला पळवतो अशी ती गोष्ट. पळवली जाणारी मुलगी एव्हा. वय सोळा. गावात व्यावसायिक नटी नव्हती, आणि असती तरी तिला द्यायला पैसे नव्हते. मित्र, भाऊ, शेजारी जमा झाले आणि कोमेल्लोंनी आपली मुलगी उभी केली.

हे तितकं सोपं नव्हतं. विसाव्या शतकाच्या पहिल्या चतकोरात जगात बहुतेक ठिकाणी चांगल्या घरच्या मुलीने पडद्यावर येणं ही बदनामीची गोष्ट होती. ब्राझीलमध्ये त्यात आणखी भर होती. सिनेमाच्या नावाखाली खोट्या ‘अभिनयशाळा’ काढून तरुण मुलामुलींचे पैसे उकळणारे लोक शहरांतून हिंडत होते. अशा काळात एका लहान गावातला बाप स्वतःच्या मुलीला सिनेमात उभी करतो आणि मुलगी आनंदाने उभी राहते. या बापलेकींचं मला फार कौतुक वाटतं. तिने पडद्यासाठी आडनाव बदललं, कोमेल्लोची निल झाली, पण गाव सोडलं नाही. ज्या रस्त्यावरून ती रोज भाजी आणायला जाई त्याच रस्त्यावरच्या लोकांनी तिला अंधारात पडद्यावर पाहिलं.

हौसेच्या त्या पहिल्या प्रयत्नानंतर गावातल्या दोन व्यापाऱ्यांनी, ओमेरो कोर्तेस दोमिंगेस आणि आजेनोर कोर्तेस दे बार्रोस यांनी, पैसे घातले. खराखुरा कॅमेरा आला, कंपनी निघाली. १९२६ मध्ये ‘ना प्रिमावेरा दा व्हिदा’ हा पूर्ण लांबीचा चित्रपट तयार झाला. दिग्दर्शक माउरो, कॅमेऱ्यामागे पेद्रो कोमेल्लो, नायिका एव्हा, आणि नायक माउरोचाच भाऊ, ब्रुनो माउरो या नावाने. उसाच्या दारूची चोरटी ने-आण करणारे लोक आणि त्यातून वाट काढणारं प्रेम अशी कथा. त्या मुलखातल्या माणसाला ही दारू आणि ती चोरटी ने-आण दोन्ही चांगली ठाऊक होती. अमेरिकी साहसपटाचा साचा घेऊन त्यात आपल्या घरचं काही घालायचं, हे माउरोला तिथेच सुचू लागलं होतं.

त्या चित्रीकरणाचा विचार करताना मला माझ्या मामांचा स्टुडिओ आठवतो. कराडला एका जुन्या वाड्याच्या माडीवर तो होता. गिऱ्हाईक आलं की मामा त्याला स्टुलावर बसवत आणि मग बराच वेळ काहीच करत नसत. नुसते इकडचा पडदा तिकडे सरकवत. लोकांना वाटे, तयारी चालली आहे. मामा वाट बघत असत. फोटोची तयारी करून आलेला चेहरा गळून पडेपर्यंत, खाली असलेला चेहरा वर येईपर्यंत. मामेबहिणीचे फोटो काढताना मात्र त्यांना वाट बघावी लागत नसे. ती बसे आणि ते बटण दाबत. तिला लेन्सच्या त्या काळ्या डोळ्यामागे आपला बाप आहे हे ठाऊक होतं. एव्हाच्या फोटोंतला निवांतपणा मी तिथून ओळखतो.

रात्री मामा काचेच्या निगेटिव्हवर पेन्सिलीने रिटचिंग करत. मागून दिवा, पुढे काच, हातात सुईसारखी टोकदार शिसपेन्सिल. निगेटिव्हमध्ये चेहऱ्यावरची सुरकुती ही फिकट रेघ असते. तिच्यावर बारीक बारीक ठिपके देत गेलं की छापताना ती नाहीशी होते. नाकाजवळची मात्र मामा कधी पुसत नसत. ती पुसली की माणूस ओळखू येत नाही, म्हणायचे. मूकपटातला अभिनय हाही काहीसा असाच हिशेब असणार. किती दाखवायचं आणि काय जसंच्या तसं ठेवायचं. शब्द नाहीत, सूर नाही. आहे तो उजेड, आणि त्याच्यापुढचा एक चेहरा.

आता ‘सिनेआर्ते’विषयी सांगायला हवं, कारण एव्हाची कारकीर्द जितकी पडद्यावर घडली तितकीच, किंबहुना जास्त, या साप्ताहिकाच्या पानांवर घडली. १९२६ मध्ये मारिओ बेहरिंग आणि आदेमार गोंझागा यांनी ते रिओत सुरू केलं. गुळगुळीत कागद, हॉलिवूडच्या ताऱ्यांची मोठमोठी चित्रं. पण आत ब्राझीलच्या चित्रपटांसाठी जागा राखलेली असे. ती पेद्रो लिमा नावाचा पत्रकार चालवायचा, आणि देशी सिनेमाची बाजू तो पोटतिडकीने मांडायचा. या मंडळींचं म्हणणं असं की, आपल्याकडे सिनेमा उभा राहायचा तर आपल्याला आपले तारे हवेत. लोक चेहऱ्यासाठी थिएटरात येतात. अमेरिकेने जग जिंकलं ते चेहऱ्यांच्या जोरावर. मग काताग्वाझेसच्या स्टुडिओत काढलेले एव्हाचे फोटो रिओला जाऊ लागले आणि तिथून छापून साऱ्या देशात पसरले.

तिचे चित्रपट मात्र पसरले नाहीत. थिएटरं अमेरिकी कंपन्यांच्या मालाने भरलेली. लहान गावात तयार झालेल्या चित्रपटाला रिओ किंवा साओ पाउलोचा पडदा मिळवणं म्हणजे दारोदार हिंडणं. ‘ना प्रिमावेरा दा व्हिदा’ फारच थोड्या ठिकाणी दाखवला गेला. म्हणजे एव्हा निल हे नाव ओळखणाऱ्या, तिचा फोटो कापून वहीत चिकटवणाऱ्या बहुतेक वाचकांनी तिला हलताना कधी पाहिलंच नव्हतं. आज आपण जसे तिच्यापुढे उभे आहोत, जवळजवळ तसेच तेही होते. तिच्या काळातही ती बव्हंशी छायाचित्रांतच होती, आणि तरीही ती तारका होती. अभिनेत्रीचं असं आयुष्य मी दुसरं ऐकलेलं नाही.

मग फूट पडली. कोमेल्लो आणि माउरो यांचं पटेनासं झालं. गुरूला मागे टाकून शिष्य पुढे निघाला होता. अशा ठिकाणी दोघांपैकी कुणालाच दोष देता येत नाही. माउरो कंपनीत राहिला, कोमेल्लो बाहेर पडले, आणि एव्हा वडिलांबरोबर गेली. माउरोने पुढच्या ‘तेझोउरो पेर्दिदो’मध्ये नायिका म्हणून स्वतःच्या बायकोला, लोला लिस या नावाने, उभं केलं. १९२७ चा सर्वोत्तम ब्राझिली चित्रपट म्हणून ‘सिनेआर्ते’ने त्याला पदक दिलं. इकडे बापलेकींनी स्वतःची ‘अ‍ॅटलास फिल्म’ काढली आणि ‘सेन्योरिता आगोरा मेस्मो’ हा चित्रपट केला. दिग्दर्शन कोमेल्लोंचं, नायिका एव्हा. शीर्षकातली ती उतावळी, सगळं आत्ताच्या आत्ता हवं असणारी मुलगी हीच. सोळाव्या वर्षी जिला दरोडेखोराने पळवलं होतं, ती दोन वर्षांनी चित्रपटाच्या नावातच येऊन बसली. मला यात वडिलांचं शहाणपण दिसतं. मुलीच्या अंगात काय आहे ते ओळखून त्यांनी तिच्या मापाचं काम तिच्यासाठी बेतलं.

पैसा मात्र दोन माणसांच्या कंपनीला पुरेना. माउरोच्या कंपनीने, आता तिचं नाव ‘फेबो’ झालं होतं, ‘ब्राझा दोर्मिदा’ची जुळवाजुळव सुरू केली तेव्हा नायिकेसाठी एव्हाचंच नाव ठरलं. गावातले जुने सोबती पुन्हा एकत्र येणार होते. पण मतभेद उफाळून आले आणि ती बाजूला झाली. तिच्या जागी रिओची नीता नेय आली. १९२८ मध्ये पूर्ण झालेल्या या चित्रपटाचा कॅमेरा एद्गार ब्राझिलने सांभाळला. पुढे ब्राझीलच्या सिनेमातल्या सर्वांत मोठ्या छायालेखकांत त्याची गणना झाली. युनिव्हर्सलने चित्रपटाचं वितरण घेतलं, त्यामुळे तो दूरवर पोहोचला. आणि तो टिकला. एव्हाने केलेले चित्रपट गेले, तिने सोडलेला राहिला. इतिहासाने तिच्यावर केलेला सगळ्यात मोठा अन्याय मला हाच वाटतो. यात कुणाचा हेतू नाही, म्हणून कुणावर रागावताही येत नाही.

शेवटचा चित्रपट ‘बार्रो उमानो’. ‘सिनेआर्ते’च्या गोंझागाने स्वतः दिग्दर्शित केलेला. वर्षानुवर्षं लिहून जे सांगितलं ते आता करून दाखवायचं, अशा ईर्षेने काढलेला. एव्हा त्यासाठी रिओला गेली. पण नायिकेची जागा ग्रासिया मोरेनाची होती. एव्हाच्या वाट्याला दुय्यम भूमिका आली. चित्रपट १९२९ च्या जूनमध्ये रिओत लागला आणि लोकांनी त्याला उचलून धरलं. देशभर नाव झालेल्या मुलीला पहिल्यांदाच मोठ्या शहराचा, गर्दीने भरलेला पडदा मिळाला, आणि त्यात ती मधोमध नव्हती.

तोवर हवा बदलली होती. त्याच वर्षी एप्रिलमध्ये साओ पाउलोच्या पॅरामाउंट थिएटरात बोलपट येऊन दाखल झाला होता. ध्वनीची यंत्रं महाग, आणि काताग्वाझेससारख्या गावांत घरच्या माणसांनी काढलेल्या चित्रपटांचा काळ सरत आला. रेसिफे, कांपिनास, पोर्तो आलेग्रे अशा गावोगावच्या मंडळींनी विसाच्या दशकात जे छोटे छोटे दिवे लावले होते ते एकेक करून विझले. फेबोचा ‘सांगे मिनेइरो’ हा माउरोचा तिथला अखेरचा चित्रपट ठरला. त्यानंतर तो गोंझागाच्या नव्या ‘सिनेदिया’ स्टुडिओत काम करायला रिओला गेला आणि १९३३ मध्ये त्याने ‘गांगा ब्रुता’ केला. आज तो ब्राझीलच्या अभिजात चित्रपटांत धरला जातो.

एव्हा गेली नाही. विसाव्या वर्षी तिने पडदा सोडला, आणि काताग्वाझेसमध्येच राहून छायाचित्रं काढू लागली.

तिच्याविषयी लिहिणारे बहुतेक लोक इथे थांबतात. तारका मावळली, गोष्ट संपली, असा सूर असतो. मला तो पटत नाही. ती प्रतिमांच्या कामातून कुठे बाहेर पडली? वडिलांच्या कॅमेऱ्याच्या पुढे होती ती मागे आली, एवढंच. पुढे काही दशकं त्या गावातल्या माणसांच्या चेहऱ्यांवर उजेड कसा पाडायचा हे ती ठरवत राहिली. जिने स्वतः लेन्सपुढे उभं राहून भीती, प्रेम, उतावीळपणा दाखवला होता, तिच्यासमोर एखादी घाबरलेली नवरी बसली असेल तेव्हा मान किती वळवायची हे तिला कुणी शिकवायला नको होतं. लेन्सच्या दोन्ही बाजूंना काय वाटतं ते अंगावर घेतलेले फार थोडे छायाचित्रकार असतात. माझ्या लेखी तिच्या कारकिर्दीचा हा लांब, उत्तरार्धातला भाग पहिल्या चार वर्षांपेक्षा जराही कमी मोलाचा नाही. तो फक्त कुणी मोजला नाही. चित्रपटाच्या इतिहासात नावं पडद्यावरून घेतात, आणि गावच्या स्टुडिओतले फोटो घराघरांतल्या भिंतींवर जातात, त्यांची यादी कोण करणार?

तिचे चित्रपट हरवले यात तिचं वेगळं असं दुर्दैव नव्हतं. ब्राझीलच्या मूकपटांपैकी अगदी थोडे वाचले आहेत. त्या काळची थिएटरात चालणारी फिल्म नायट्रेटची. ती लगेच पेट घेते, आणि एकदा पेटली की पाण्यानेही विझत नाही, कारण जळताना स्वतःच प्राणवायू सोडते. पेटली नाही तर कुजते. चिकट होते, मग पिवळसर भुकटी. त्यात चांदी असते म्हणून ती वितळवून विकणारेही होते. साओ पाउलोच्या सिनेमातेका ब्राझिलेइरा या संग्रहालयात १९५७, १९६९, १९८२, २०१६ आणि २०२१ अशा पाच वेळा आगी लागल्या. २०१६ च्या आगीत नायट्रेटची सुमारे एक हजार रिळं गेली. दमट, गरम हवेच्या देशात, पैशाच्या तंगीत, हे सगळं वर्षानुवर्षं जपणं म्हणजे काय हे आपल्याकडच्या जुन्या मूकपटांची गत ज्याला ठाऊक आहे त्याला वेगळं सांगावं लागत नाही.

एव्हाला कुणीच विचारलं नाही असंही नाही. पाउलो एमिलियो साल्लेस गोमेस हे ब्राझीलचे थोर चित्रपट समीक्षक. त्यांनी १९७४ मध्ये ‘उम्बेर्तो माउरो, काताग्वाझेस, सिनेआर्ते’ हे पुस्तक प्रसिद्ध केलं. हरवलेल्या चित्रपटांविषयी लिहावं कसं, याचा तो वस्तुपाठ आहे. जुने अंक, जुन्या जाहिराती आणि कागदपत्रं यांच्या आधाराने त्यांनी त्या लहान गावातली ती वर्षं पुन्हा उभी केली. माणसं, त्यांचे हट्ट, त्यांची भांडणं, सगळ्यासकट. त्यात एव्हालाही तिची जागा आहे. ती तेव्हा पासष्ट वर्षांची, हयात, त्याच गावात. तिच्या तरुणपणाचा इतिहास तिच्या डोळ्यांदेखत छापून आला.

माउरो १९८३ मध्ये गेला, आपल्या व्होल्ता ग्रांदेत. एव्हा त्यानंतर सात वर्षं जगली. १९९० मध्ये काताग्वाझेसमध्येच ती वारली. वय एक्याऐंशी.

वाचकहो, ‘ब्राझा दोर्मिदा’ कधी पाहायला मिळाला तर जरूर बघा. मिनासच्या त्या मुलखातली झाडं, साखरेचा कारखाना आणि एद्गार ब्राझिलने टिपलेलं ऊन अजून त्यात शाबूत आहे. नीता नेयने काम छान केलं आहे, तिचं श्रेय तिलाच द्या. पण ती पडद्यावर येईल तेव्हा एवढं लक्षात असू द्या की ही भूमिका आधी गावच्या फोटोवाल्याच्या मुलीची होती.